सरळ लावलेलं घड्याळ

आमच्या ठाण्यातल्या नौपाड्याच्या घरातलं घड्याळ मी माझ्या हाताने बंद पाडलं, आणि तेही त्याचं भलं करायला जाऊन.

गेल्या वर्षी गणपतीच्या आधी घराला रंग काढला. रंगाऱ्याने भिंतीवरच्या सगळ्या वस्तू उतरवून पलंगावर मांडल्या, त्यात आजोबांच्या वेळचं लंबकाचं घड्याळही होतं. रंग वाळल्यावर ते परत टांगायचं काम माझ्याकडे आलं. बाबांच्या हयातीत ते घड्याळ कायम डावीकडे कललेलं असायचं. फार नाही, बोटभर. पण नवीन येणाऱ्या पाहुण्याची नजर तिथेच जायची आणि चहा येईपर्यंत तो एकदा तरी म्हणायचाच, "तुमचं घड्याळ वाकडं झालंय." बाबा म्हणायचे, "असू दे, त्याला तसंच मानवतं." मला ते लहानपणापासून खटकायचं. बाबांना जाऊन दोन वर्षं झाली होती, आता कोण अडवणार? मोबाइलमध्ये लेव्हल बघायचं अ‍ॅप असतं, ते लावून मी घड्याळ अगदी शून्य अंशावर आणलं. चावी दिली, लंबकाला बोट लावलं. तीन-चार मिनिटं टिकटिक झाली आणि थांबली. पुन्हा बोट लावलं. पुन्हा थांबलं.

पुढचे पंधरा दिवस मी जे केलं ते आता लिहायला लाज वाटते. दार उघडून चिमणीच्या पिसाने मशीनवरची धूळ झाडली, आणि शिवणयंत्राचं तेल संपलं होतं म्हणून खोबरेल सोडलं. देवघरातलंच. आई म्हणाली, "तुझ्या बाबांनी कधी त्याच्या पोटात हात घातला नाही." मी ऐकलं नाही.

मग दुकानं पालथी घातली. एका मोठ्या दुकानात सांगितलं की आम्ही फक्त मनगटावरची बघतो. दुसऱ्याने घड्याळ न बघताच भाव सांगितला: आतलं मशीन काढून टाकू, बॅटरीचं बसवू, साडेचारशे रुपये. "लंबकही हलेल," वर असंही म्हणाला. हलेल खरा, पण नुसता शोभेला. बॅटरीच्या घड्याळातल्या लंबकाचा वेळेशी काही संबंध नसतो, तो वेगळ्या चुंबकावर झोके घेत असतो. काट्यांना त्याचा पत्ताही नसतो. मी नको म्हणालो. आजोबांच्या घड्याळाला असलं काही करणं म्हणजे मेलेल्या माणसाला दोरीने हात हलवायला लावण्यासारखं वाटलं.

घड्याळवाल्या काकांची पाटी दिसली ती योगायोगाने. ठाणे स्टेशनकडून गोखले रोडला येताना एका जुन्या इमारतीच्या जिन्याखाली टेबल आहे. त्यावर पत्र्याची पाटी, आणि पाटीच्या डाव्या अंगावर शेजारच्या मोबाइल कव्हरवाल्याचा फ्लेक्स चढलेला. त्यामुळे वाचता येतं ते एवढंच: 'वेळ दुरुस्त करून मिळेल'. मी तिथेच थांबून हसलो. टेबलामागच्या म्हाताऱ्याने डोळ्याला लावलेलं भिंग वर सरकवलं आणि म्हणाला, "त्याच्या आधी 'घड्याळाची' आहे. पाटी माझी अर्धीच दिसते. भाडं मात्र पूर्ण देतो."

नाव मी मुद्दाम लिहीत नाही, त्यांना आवडणार नाही. वय चौऱ्याहत्तर. कळव्याहून रोज गाडीने येतात. टेबल वडिलांचं, त्याच जागेवरचं. अकराव्या वर्षी वडिलांनी हातात पहिलं घड्याळ दिलं ते गजराचं, आणि सांगितलं, खोल आणि परत लाव. खोलायला वीस मिनिटं लागली, लावायला उन्हाळ्याची सुट्टी गेली. मनगटावर त्यांच्या स्वतःच्या काय, तर प्लॅस्टिकचं डिजिटल. "रात्री दिवा लागतो त्यात," हे कारण.

शनिवारी मी घड्याळ चादरीत गुंडाळून रिक्षाने नेलं. रस्त्यांचं काय सांगू, ठाणेकरांना ठाऊक आहे. काकांनी दार उघडलं, आत बघितलं आणि पहिला प्रश्न विचारला, "लंबक काढून आणायचा असतो, माहीत नव्हतं?"

नव्हतं. लंबक ज्याला लटकतो ती पोलादाची पट्टी कागदाइतकी पातळ असते. तिच्या लवचिकपणावरच लंबक झुलतो. खड्ड्यांमध्ये लंबकाने ती पट्टी इकडून तिकडे पिळून मोडून ठेवली होती. म्हणजे घड्याळ दुरुस्तीला नेताना मी आणखी एक बिघाड सोबत नेला. काकांनी पट्टीचा मोडका तुकडा चिमट्याने उचलून माझ्या तळहातावर ठेवला आणि काही बोलले नाहीत. बोलले असते तर बरं वाटलं असतं.

"ठेवून जा. दिवाळीनंतर बघू."

"मी बसलो तर चालेल?"

"बसा. पण हात मांडीवर."

त्यानंतरचे सात शनिवार मी त्या जिन्याखाली प्लॅस्टिकच्या स्टुलावर काढले. बायको म्हणायची, तुझं ऑफिस बदललंय का. काकांच्या धंद्याचा खरा हिशेब मला तिथे कळला. दिवसाला पंधरा-वीस गिऱ्हाइकं, त्यातली बहुतेक बटणसेल बदलायला किंवा पट्टा लावायला. दोन मिनिटांचं काम, शंभर-दीडशे रुपये. चावीचं घड्याळ आठवड्यात एखादं. ते आलं की काका सेलवाल्यांना उगाच थांबवून ठेवत. एचएमटीचं 'जनता' हे चावीचं घड्याळ आलं तर चेहराच बदलायचा. एचएमटीचा बेंगळुरूचा कारखाना १९६१ साली जपानच्या सिटिझनच्या मदतीने सुरू झाला आणि २०१६ साली सरकारने घड्याळांचा धंदा गुंडाळायचं ठरवलं. या पंचावन्न वर्षांत काकांचं अख्खं आयुष्य बसतं. लग्नात जावयाला एचएमटी द्यायची पद्धत होती तेव्हा वैशाखात त्यांना जेवायला उसंत नसायची. "नवरदेवाचं घड्याळ महिन्याभरात माझ्याकडे येणारच," ते म्हणाले. "सवय नसते ना. अंघोळीला घालून जातात."

आमचं घड्याळ त्यांनी तिसऱ्या शनिवारी उघडलं. आधी दोन्ही कमानी, म्हणजे चावीने भरायच्या स्प्रिंगा, उतरवल्या. तबकडीवर चावीची दोन भोकं असतात, उजवं चालीचं आणि डावं टोल्यांचं, आणि प्रत्येकामागे एक गुंडाळलेली पोलादी कमान. भरलेली कमान तशीच सुटली तर दाते मोडते, बोटही. चावी घट्ट धरून, खटका दाबून, अर्धा-अर्धा फेरा सोडत ते कमान रिकामी करत होते. तेवढा वेळ एका शब्दाने बोलले नाहीत. सेलवाला एक मुलगा "काका, काका" करत राहिला, शेवटी निघून गेला.

मशीन बाहेर आल्यावर मागच्या पितळी पत्र्यावरचा छाप दिसला: आन्सोनिया, न्यूयॉर्क. तबकडीवरची अक्षरं केव्हाच पुसली गेली होती, त्यामुळे आमच्याकडे हे घड्याळ 'जर्मन' म्हणून ओळखलं जायचं. काका म्हणाले, अमेरिकन आहे, ब्रुकलिनच्या कारखान्यातलं. तो कारखाना बुडाला आणि १९२९ साली त्याची यंत्रं रशियाने विकत घेऊन नेली. म्हणजे घड्याळ त्याच्या आधीचं. आजोबांनी ते नवं घेतलं की जुन्या बाजारातून, हे सांगायला आता कोणी नाही.

पेटीच्या आतल्या बाजूला, जिथे लंबक झुलतो त्याच्या मागे, शिसपेन्सिलीने तारखा लिहिलेल्या निघाल्या. घड्याळजी काम झालं की आत तारीख टाकून ठेवतात, पुढच्या घड्याळजीसाठी. १२-३-३८. मग ४७ सालचा एप्रिल. मग नुसतं ५५. शेवटची ६-७१. प्रत्येकाचं अक्षर वेगळं. मला वाटलं त्यातलं एखादं काकांच्या वडिलांचं निघेल. काकांनाही वाटलं असावं, कारण चष्मा पुसून त्यांनी पुन्हा एकदा नीट बघितलं. "नाही," म्हणाले, "आमचं एकही नाही. ४७ वाला चांगल्या हाताचा माणूस होता. त्याने बसवलेली बुशं अजून गोल आहेत." बुश म्हणजे चाकाचं टोक ज्यात फिरतं ते पितळी कडं.

आणि दाराच्या आतल्या बाजूला आजोबांचं अक्षर: '३९ मागे'. हे आम्ही लहानपणापासून बघत आलो होतो. बाबा म्हणायचे, एकोणचाळीस रुपयांना घेतलं असेल. आत्याचं म्हणणं, ३९ साली घड्याळ मागे पडायला लागलं म्हणून लिहिलंय. काकांनी ते वाचलं आणि विचारलं, "आजोबा मुंबईत नोकरीला होते?"

होते. रोज गाडीने जायचे.

"मग हे बॉम्बे टाइम."

भारताची प्रमाणवेळ १९०६ च्या १ जानेवारीपासून लागू झाली, पण मुंबई तिला बधली नाही. महापालिकेने शहराची स्वतःची वेळ चालू ठेवली, ती प्रमाणवेळेच्या एकोणचाळीस मिनिटं मागे. रेल्वे चालायची प्रमाणवेळेवर. महापालिकेने ती जुनी वेळ सोडली १९५५ साली. काकांचे वडील सांगायचे, त्या काळात घड्याळ दुरुस्त करून देताना गिऱ्हाइकाला विचारावं लागायचं, गाडीची वेळ लावू की मुंबईची? ठाण्याचा माणूस गाडीची सांगायचा आणि एकोणचाळीस डोक्यात ठेवायचा. आजोबांनी ती डोक्यात न ठेवता दारावर लिहून ठेवली होती. ५५ च्या तारखेचा याच्याशी संबंध आहे का, ते मी विचारलं. काका म्हणाले, "साफ करायला दिलं असेल. सगळ्याचा सगळ्याशी संबंध नसतो."

हे त्यांचं एक होतं. माझ्यासारखी माणसं जुनं घड्याळ हातात घेतलं की लगेच हळवी होतात, आणि काकांना त्याचा कंटाळा येतो. पाटीवरून मी एकदा छेडलं, वेळ दुरुस्त करणारे तुम्ही एकटेच उरलात ठाण्यात. ते म्हणाले, "वेळ कोण दुरुस्त करणार? मी दाते मोजतो."

दाते खरंच मोजले. सगळी चाकं रॉकेलमध्ये बुडवून, ब्रशने घासून, वर्तमानपत्रावर ओळीने मांडली. रॉकेलमध्ये माझं खोबरेल सुटून वर आलं. त्यावर मात्र ऐकून घ्यावं लागलं. खोबरेल चोवीस अंशांच्या खाली गोठतं. ठाण्यात डिसेंबरच्या पहाटे पारा त्याच्या खाली जातो, म्हणजे थंडी पडली की चाकांच्या टोकांना लोणी लावल्यासारखं. त्यातून तेलात धूळ बसली की त्याचा काळा मलम होतो आणि तो कानस फिरवल्यासारखा काम करतो. पितळ मऊ, त्यात धूळ रुतून बसते आणि फिरणाऱ्या पोलादाला खाते. भोकं गोल असायची ती अंड्यासारखी होतात. काकांनी भिंग माझ्या डोळ्याला लावून दाखवलं. चाक भोकात सरळ उभं न राहता बाजूला रेलून उभं होतं, बसथांब्यावर खांबाला टेकलेल्या माणसासारखं. अशी तीन भोकं त्यांनी रुंद करून त्यात नवी बुशं ठोकली. एका शनिवारी फक्त एक. त्याहून जास्त डोळा साथ देत नाही, म्हणाले.

सहाव्या शनिवारी मशीन पुन्हा उभं राहिलं, नवी पट्टी लागली आणि लंबक अडकवला. टेबलामागच्या भिंतीवर खिळा होता, त्यावर घड्याळ टांगलं. गोखले रोडचे हॉर्न, फ्लेक्सवाल्याचा स्पीकर, आणि काका कान लावून उभे.

"लंगडतंय. ऐका."

मी कान लावला. आधी काही कळेना. मग कळलं. टिक, आणि लगेच टॉक, मग जरा थांबून पुन्हा टिक, टॉक. दोन पावलांमधलं अंतर सारखं नव्हतं. लंबकाला ढकलणारी एक तार मशीनमधून खाली येते, ती एका बाजूला वाकलेली होती. अशी तार वाकली की लंबकाला एका अंगाचा धक्का पुरता मिळत नाही, आणि झोका मरत जातो. काकांनी घड्याळ खालून धरून हळूच डावीकडे कलवलं. बोटभर. आणि टिक-टॉक एकदम सारखं पडायला लागलं.

मी काही बोललो नाही. काकांनी विचारलं, "घरी कसं लावलं होतं?"

सांगितलं. बाबांचं वाकडं, माझं सरळ, मोबाइलचं शून्य.

"मग वडिलांना कान होता," ते म्हणाले. ७१ नंतर केव्हातरी घर बदलताना तार वाकली असेल. बाबांना तार माहीत नव्हती, दुरुस्तीला पैसे टाकायची ऐपतही तेव्हा नसावी. त्यांनी घड्याळच तारेच्या मापाने वाकडं लावलं आणि ते पन्नास वर्षं तसं चाललं. "त्याला तसंच मानवतं," हे वाक्य मी आयुष्यभर आळशीपणाचं समजत आलो होतो.

काकांनी विचारलं, "आता काय करू? तार सरळ करू की तुम्ही वाकडंच लावणार?"

मी बराच वेळ घेतला. तेवढ्यात त्यांनी दोन सेल बदलले. शेवटी म्हणालो, सरळ करा. त्यांनी दोन बोटांत तार धरली आणि किंचित दाबली. बस्स, एवढंच. सात शनिवारांतलं सगळ्यात मोठं काम तीन सेकंदांत झालं.

शेवटचा शनिवार वेळ मिळवण्यात गेला. सेकंदाला एक टोक गाठणारा लंबक ९९.४ सेंटीमीटर लांब लागतो. आमचा पाव मीटरचा, अर्ध्या सेकंदाचा. त्याच्या बुडाशी एक नट असतो, तो फिरवून गोळा वर-खाली करायचा. एक मिलिमीटर खाली गेला तर दिवसाला जवळजवळ तीन मिनिटं मागे. "उन्हाळ्यात दांडी लांबते, घड्याळ मागे पडतं. त्याला हात लावायचा नाही. नट एकदा बसला की बसला," अशी तंबी मिळाली. टोलेही चुकत होते, तीनला सात पडत. टोल्यांचं चाक वेगळं असतं, काटे कुठे आहेत हे त्याला कळत नाही. ते आपलं एक, दोन, तीन असं खाचांच्या हिशेबाने पुढे जात राहतं. बारा तासांत अठ्ठ्याहत्तर टोले, आणि अर्ध्या तासाचे बारा धरून नव्वद. मशीनखाली लोंबणारी टोल्यांची वेगळी तार वर ढकलून काकांनी हिशेब जुळेपर्यंत टोले वाजवले. आठ, साडेआठ, नऊ. गल्लीतली माणसं वळून बघत होती.

बिल झालं अठ्ठावीसशे. मी तीन हजार दिले, ते घेईनात. सुटे नाहीत म्हणून दोनशे त्यांच्याकडेच राहिले आणि वहीत लिहिले गेले. आणि आत, ६-७१ च्या खाली, शिसपेन्सिलीने त्यांनी नवी तारीख टाकली. पुढचा घड्याळजी कोण असेल ते त्यांनाही माहीत नाही, पण अक्षर सुबक काढलं.

लंबक काढून, वर्तमानपत्रात गुंडाळून, मांडीवर घेऊन मी घरी आलो. घड्याळ लावलं, शून्य अंशावर. टिक-टॉक सारखं. रात्री नऊला नऊ टोले पडले तेव्हा आईने आतून ते मोजले, मला ओठ हलताना दिसले. दर रविवारी रात्री नऊला काकांचा फोन यायचा, "किती?" पहिल्या आठवड्यात दोन मिनिटं पुढे. नट अर्धा फेरा खाली घेतला. दुसऱ्या आठवड्यात वीस सेकंद. "आता हात लावू नका," म्हणाले आणि फोन ठेवला.

गेल्या बुधवारी ऑफिसातून आलो तर घड्याळ पावणेचारला थांबलेलं. चावी भरलेली होती. लंबकाला बोट लावलं, तीन-चार मिनिटं चाललं आणि थांबलं. कान लावला. लंगडत होतं. दोन पावलं मागे येऊन बघितलं तर घड्याळ डावीकडे कललेलं, बोटभर.

"आई, घड्याळाला हात लावलास?"

"हो. कधीपासून बघतेय, वाकडं लावलंयस तू ते. सरळ केलं मी."

मी काकांना फोन लावला आणि झालेला प्रकार सांगितला. पलीकडे बराच वेळ नुसते हॉर्न ऐकू येत होते.

"घेऊन या शनिवारी," ते म्हणाले. "तार होती तशी करून देतो. दोनशे रुपये तुमचे आहेतच माझ्याकडे. आणि लंबक काढून आणा."